दुकान वाढवलं

जयमाला अष्टेकरच्या स्कूटरला ज्या गाडीने ठोकलं, तिच्यात शिव्या द्यायलासुद्धा कुणी नव्हतं. फलटण-लोणंद रस्त्यावर चालकाविना धावणाऱ्या मालगाड्या येऊन तोवर चार वर्षं झाली होती आणि त्यांचं कौतुक कधीच संपलं होतं. ती गाडी जागच्या जागी थांबली, तिने दिवे लुकलुकवले, बाईच्या गोड आवाजात "आपणास मदत हवी आहे का?" असं विचारलं आणि स्वतःच अॅम्ब्युलन्सला फोन लावला. जमलेल्या लोकांना कॉलर धरायला कुणी सापडेना. शेवटी दोघातिघांनी टायरला लाथा घालून मन मोकळं केलं.

उजवं मनगट दोन ठिकाणी मोडलं होतं. हाडं जुळली. पण मनगटातून अंगठ्याकडे जाणारी नस चिरडली गेली आणि अंगठा व शेजारची दोन बोटं यांच्या टोकांना काही कळेनासं झालं. गरम कळेना, गार कळेना, टोचलेलं कळेना. डॉक्टरांनी तिला बादली उचलायला लावली, कुलूप उघडायला लावलं, सही करून घेतली आणि प्रमाणपत्रावर लिहिलं, हात एकोणनव्वद टक्के शाबूत. दुसऱ्या कुणाचा हात असता तर ते बरोबरही ठरलं असतं.

पण जयमाला कासारीण. बांगड्या विकणं ही त्या धंद्याची सोपी बाजू. बांगड्या आता फोनवरही मिळतात. बांगड्या भरणं ही खरी विद्या. बाईचा हात हातात घ्यायचा, अंगठ्याच्या मुळाशी दाबून तिथलं हाड किती आत जातं ते चाचपायचं, तिला माहेरचं काहीतरी विचारायचं, आणि ती बोलण्यात गुंगली की नेमक्या क्षणी काच सरकवायची. दोन-सहा मापाच्या हातात त्याहून लहान, दोन-चारची बांगडी जयमाला अशी चढवायची की बाईला पत्ताही लागत नसे. हे सगळं बोटांच्या टोकांचं काम. डॉक्टरांनी वजा केलेल्या त्या अकरा टक्क्यांत तिचा अख्खा धंदा गेला होता.

भरपाई ठरवण्याची रीत त्या सुमारास पार बदलली होती. पूर्वी कोर्टात वर्षानुवर्षं तारखा पडायच्या. वय किती, मिळकत किती, अपंगत्व किती, यांचा गुणाकार व्हायचा. मग एक शोध लागला. शोध तसा साधाच, पण माणसाच्या अभिमानाला जरा झोंबणारा होता. आपलं आयुष्य आपल्याला वाटतं त्याच्या निम्म्यानेही अनपेक्षित नसतं. माणूस कधी उठतो, कुठे जातो, काय विकत घेतो, कुणाशी किती वेळ बोलतो, याच्या पाच-सात वर्षांच्या नोंदी हाताशी असल्या तर पुढची वीस वर्षं बऱ्यापैकी मांडता येतात. अपघात निवाडा मंडळाने याच शोधावर आपलं यंत्र उभारलं. ते प्रत्येक जखमी माणसाची दोन आयुष्यं मांडायचं. एक अपघातानंतरचं, म्हणजे खरं. दुसरं, अपघात झालाच नसता तर जे झालं असतं ते. या दुसऱ्याचं सरकारी नाव 'समांतर'. दोहोंतलं अंतर म्हणजे भरपाई.

खरं आयुष्य मोजण्यासाठी जखमी माणसाने सहा महिने रोज दिवेलागणीला तीन मिनिटं फोनशी बोलायचं, दिवसभरात काय जमलं, काय नाही जमलं ते सांगायचं. याला रोजनिशी म्हणत. यंत्र शब्द ऐके तसाच आवाजही ऐके. स्वतःला न पटलेलं वाक्य बोलताना गळ्याचे स्नायू किंचित उशिरा हलतात. कानाला ते कळत नाही, यंत्राला कळतं. बोलणं मनापासूनचं असेल तर पडद्यावरची पट्टी हिरवी राही, काही लपवलं की पिवळी, धादांत खोटं असलं की तांबडी. त्यामुळे कण्हून-कुथून रक्कम फुगवण्याची सोय उरली नव्हती. जयमालाच्या सहा महिन्यांत पट्टी एकदाही पिवळी झाली नाही. तिने आयुष्यात मापात कधी खोट केली नव्हती, ती फोनशी कशाला करेल.

निवाडा आला. एक लाख ऐंशी हजार.

पुण्याच्या एका डॉक्टरांनी तिला एक ऑपरेशन सांगितलं होतं. पायातली नस काढून हातात बसवायची. बोटांना पुन्हा कळू लागण्याची शक्यता शंभरात साठ, खर्च नऊ लाख. तो कागद तिच्या नवऱ्याने, अरविंदने, देवघराच्या फळीवर ठेवला होता. अरविंद बॅटरीवरची रिक्षा चालवायचा. निवाड्याचा आकडा ऐकून तो बराच वेळ रिक्षाचा आरसा पुसत बसला.

निवाड्यासोबत समांतराची प्रत मिळाली होती, आणि त्या प्रतीने घरात भलतंच सुरू केलं. अरविंद ती रोज उघडून बघू लागला. आधी कुतूहलाने, मग सवयीने.

"आज तू नातेपुत्याच्या बाजारात असतीस," चहा घेता घेता तो म्हणे. "दुपारपर्यंत सगळा माल संपला असता."

"असते तर असते."

"संगमरवरी फरशी बसवली असती आपण पुढच्या खोलीत. पुढल्या दिवाळीला. हे बघ, लिहिलंय."

जयमालाला घरात सवत आल्यासारखं झालं. ती दुसरी जयमाला कधी दमत नव्हती, तिच्या हातून काही निसटत नव्हतं, तिच्या घरी फरशी होती. आणि नवरा रोज सकाळी तिचीच खुशाली विचारत होता. जयमालाला तिचा राग येई, आणि रागावल्याची लाजही वाटे, कारण ती तरी कोण होती, जयमालाच होती. एकदा तिने अरविंदला सरळ विचारलं, "तुम्हाला कोण पायजे, ती का मी?" अरविंद ओशाळला. दोन दिवस त्याने प्रत उघडली नाही. तिसऱ्या दिवशी ती भांडी घासत असताना हळूच उघडली.

अपिलाची मुदत संपायला आठ दिवस राहिले तेव्हा ती दोघं वकिलाकडे गेली. तबस्सुम मणेर तिशीची होती, फलटणच्या शुक्रवार पेठेत एका झेरॉक्सच्या दुकानावर तिचं ऑफिस होतं. तिने निवाड्याचं कारणपत्र दोनदा वाचलं आणि चष्मा काढून ठेवला.

"काकी, यात लिहिलंय की अपघातानंतर तुमचा धंदा वाढला."

"कुणाचा?"

"तुमचा. तुम्हीच सांगितलंय म्हणे. एकशेचाळीस वेळा."

जयमाला अरविंदकडे बघू लागली, अरविंद तिच्याकडे. तबस्सुमने रोजनिशीतलं एक ध्वनिमुद्रण लावलं. खोलीत जयमालाचाच थकलेला आवाज आला : "आज बी दोनलाच दुकान वाढवलं. बसवंना. सकाळधरनं अकरा बांगड्या वाढवल्या."

तबस्सुमने ते थांबवलं. मग पुन्हा लावलं. मग तिने कपाळाला हात लावला.

"आमची दादी गावोगाव हिंडून बांगड्या भरायची," ती म्हणाली. "मणेर आम्ही. हेच ऐकत मोठी झालेय मी. काकी, अहो, या यंत्राला वाटलं तुम्ही दुकान मोठं केलंत."

दुकानदार दुकान बंद केलं असं म्हणत नाही. तो दुकान वाढवतो. बंद हा शब्द दुकानात उच्चारायचा नसतो, कारण म्हटलं ते खरं व्हायची भीती. आणि बांगडीचं तर विचारूच नका. सवाष्णीच्या हातातली बांगडी फुटत नाही, ती वाढते, कारण फुटण्याचा अर्थ एकच आणि तो कुणालाही नको असतो. जयमालाने पन्नास वर्षांत बांगडीबद्दल तो शब्द तोंडातून काढला नव्हता. दोन डझनांचा डबा हातातून पडला तरी तिच्या तोंडून "वाढल्या गं बाई" एवढंच निघे. पण यंत्र मराठी शिकलं होतं सरकारी आदेशांवरून आणि वर्तमानपत्रांवरून. तिथे कर वाढवतात, मुदत वाढवतात. नारळ वाढवतात एवढं त्याला ठाऊक होतं, कारण मंत्र्यांच्या उद्घाटनांच्या बातम्या त्याने पोटभर वाचल्या होत्या. त्यापुढे त्याची अक्कल पोचली नव्हती.

"मग मी रडत होते ते?" जयमालाने विचारलं. "त्याला आवाज कळतो ना?"

तबस्सुमने कारणपत्रातली ओळ वाचून दाखवली : 'अर्जदाराच्या आवाजात सातत्याने दुःख आढळते. वाढत्या व्यवसायाचा ताण. स्वाभाविक.'

आधी तबस्सुमला हसू फुटलं, मग जयमालाला. दोघी डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसल्या. आणि मग जयमालाचं पाणी थांबेना. सहा महिने रोज संध्याकाळी ती कुणाला तरी आपलं दुखणं सांगत होती. ऐकणारा रोज मनातल्या मनात तिचं अभिनंदन करत होता. तिला फार एकटं वाटलं.

अपील दाखल झालं. नियम असा होता की रोजनिशीतला शब्द दुरुस्त करायचा तर ज्याचा आवाज त्यानेच, अधिकाऱ्यासमोर, यंत्राला कळेल अशा सरळ शब्दांत त्याचा अर्थ सांगायचा. वकिलाचं सांगणं चालत नसे. सुनावणीच्या आठवडाभर आधी तबस्सुमने दोघांना पुन्हा बोलावलं.

"रोजच्या वाढवण्याचं सोपं आहे. दुपारी दोनला बंद केलं, संपलं. तेवढ्यावर पाच-साडेपाच लाखांपर्यंत जाईल. अडचण शेवटच्या नोंदीची आहे." तिने तारीख दाखवली. "या दिवशी तुम्ही म्हणालात, दुकान वाढवलं. त्यानंतर तुम्ही गाळा उघडलेलाच नाही. यंत्र विचारणार, हे वाढवलं म्हणजे त्या दिवसापुरतं बंद, की कायमचं? कायमचं असेल तर सोळा लाखांच्या घरात रक्कम जाते. नगरपालिकेचा गाळा मात्र सोडावा लागेल."

"कायमचंच," अरविंद म्हणाला.

"काका, तुम्ही नाही, काकींनी सांगायचं. आणि खरं ते सांगायचं. पट्टी पिवळी झाली तर अपील तिथंच फेटाळतात. पहिले एक लाख ऐंशी हजारसुद्धा अडकतात."

शब्दाची गंमत जयमालाला तेव्हा पहिल्यांदा कळली. वाढवलं म्हटलं की कुणी विचारतच नाही, उद्यापर्यंत की कायमचं. सांगणाऱ्यालाही ठरवावं लागत नाही.

घरी येताना अरविंदने सगळं आखलं. "तू कायमचं म्हण. सोळा लाख आले की ऑपरेशन. हात बरा झाला की घराच्या पुढच्या खोलीत दुकान मांडू. गाळा गेला तर गेला."

"म्हणजे खोटं बोलू?"

"खोटं कसं? आज तर बंदच हाय की. उद्याचं उद्या."

"आन् पट्टी?"

"सराव कर. म्हणून म्हणून सवय लागती. मी पयल्यांदा रिक्षा चालवली तवा कुठं येत होती?"

तिला ते पटलं नव्हतं, पण ऑपरेशन हवं होतं. बोटांना पुन्हा कळायला हवं होतं, त्या दुसरीच्या बरोबरीने एकदा तरी उभं राहायचं होतं. आणि त्यासाठी आता आपण जितकं अधू दिसू तितकं बरं, हा उफराटा न्याय तिने गिळला. आठवडाभर ती पोळ्या लाटताना, केर काढताना पुटपुटत राहिली : कायमचं वाढवलं, कायमचं वाढवलं. अरविंद येताजाता कान देऊन ऐके आणि मान डोलावे.

सुनावणी साताऱ्याला होती. खोली छोटीशी. एका टेबलामागे निवाडा अधिकारी सबनीस, चाळिशीचे, बोलायला मऊ. त्यांच्या शेजारी भिंतीवर पडदा आणि पडद्याच्या तळाशी ती पट्टी, सध्या करडी.

"सुरुवात बांगड्यांपासून करू," सबनीस म्हणाले. "अकरा बांगड्या वाढवल्या म्हणजे काय, ते सरळ शब्दांत सांगा ताई."

जयमालाने मान वळवली. शेजारच्या खुर्चीवर अरविंद बसला होता, इस्त्रीचा शर्ट घालून. नवऱ्याच्या समोर तो शब्द.

"आवो," ती हलक्या आवाजात म्हणाली, "तुम्ही जरा भाईर बसा."

"का?"

"बसा म्हणते ना."

अरविंदला काही उमगलं नाही. तबस्सुमला उमगलं. तिने त्याच्या पाठीवर हात ठेवून त्याला दारापर्यंत नेलं आणि दार लावून घेतलं.

"फुटल्या," जयमाला म्हणाली. पट्टी हिरवी झाली. "अकरा बांगड्या फुटल्या. माझ्या हातनं. रोज फुटायच्या. बोटाला कळायचंच न्हाई किती दाब देतीय ते."

"आणि दुकान वाढवलं?"

"बंद केलं." हिरवी. "दोन वाजता बंद केलं."

सबनीसांनी काहीतरी टिपलं. "आता शेवटची नोंद. त्या दिवशी काय झालं होतं?"

हे आठवड्याच्या सरावात नव्हतं. सरावात फक्त उत्तर होतं. पण विचारलं म्हणून ती सांगू लागली. त्या दिवशी मलठणातल्या एका नवरीला चुडा भरायला तिला घरी बोलावलं होतं. पोरीच्या आईच्या लग्नातही चुडा तिनेच भरला होता, म्हणून हट्टाने तिलाच बोलावलं. हिरव्या काचेच्या बांगड्या, भोवती बायका, कुणी गाणं म्हणत होतं. चार नीट गेल्या. पाचवी गेली असं तिला वाटलं, म्हणून तिने जोर दिला.

"माझ्या बोटाला कळलं न्हाई सायेब. पोरीच्या तोंडाकडं बघून कळलं. खाली बघितलं तर अंगठ्याच्या मुळाशी काच घुसलेली. हळदीच्या हातावर रगत. सगळ्या बायका गप झाल्या. पोरीची मावशी म्हणली, काय न्हाई, वाढली. पोरगी बिचारी हसली माझ्याकडं बघून. तिनं मला समजून घेतलं, ते मला लागलं."

"मग?"

"मग त्यांनी दुसऱ्या कासारणीला बोलावलं. मी गाळ्यावर आले. कुलूप लावलं."

"त्या दिवसापुरतं की कायमचं?"

जयमालाने पट्टीकडे बघितलं. आता पिवळी होणार, तिला वाटलं, आणि सगळं हातचं जाणार.

"कायमचं."

पट्टी हिरवीच राहिली. ती नुसती हिरवी नव्हती. मघापासून होती त्याहून गडद झाली होती. सबनीसांनी बाजूचा आकडा वाचला, खात्री शंभरात अठ्ठ्याण्णव, आणि ते पुढच्या कागदाकडे वळले.

जयमाला पट्टीकडे बघतच राहिली. तिला वाटलं, सराव कामी आला. मग वाटलं, यंत्रच ते, सहा महिने चुकलं, आजही चुकलं असेल. पण तिने मनात त्या नवरीचा हात पुन्हा एकदा हातात घेऊन बघितला, शाबूत बोटांनी, ऑपरेशन झालेल्या बोटांनी, जणू सगळं कळतंय अशा बोटांनी. आणि तिचे हात मागे आले. नस बसवता येईल. दुसऱ्याच्या मनगटाची बसलेली भीती कुठल्या डॉक्टराला काढता येणार होती? हे तिला कधीपासून माहीत होतं, त्याच दिवसापासून. एक शब्द मध्ये धरून ती त्याच्यामागे उभी होती, इतकंच.

"आणखी काही सांगायचंय का ताई?" सबनीसांनी विचारलं.

"न्हाई," ती म्हणाली.

निकाल अर्ध्या तासात आला. सोळा लाख वीस हजार. समांतर त्या क्षणी मिटवलं जाईल असंही त्यात होतं. अंतर मोजून झालं की दुसरं आयुष्य ठेवत नसत. जयमालाने ती ओळ दोनदा वाचून घेतली. ती बाई आपल्याला आवडत नव्हती, तरी आता कुठेच नसणार याचं वाईट वाटलं.

अरविंद बाहेर बाकावरून उठला. आकडा ऐकून त्याने तबस्सुमला हात जोडले आणि तिच्या डोक्यावर हात ठेवायला गेला, मग संकोचून मागे घेतला. तबस्सुमला दुसरी सुनावणी होती. ती दोघं स्टँडकडे चालू लागली.

"पट्टी?" त्याने विचारलं.

"हिरवी."

"बघ. म्हणलं होतं ना सराव कर." तो खुशीत होता, भराभर चालत होता. "मार्चात ऑपरेशन करू. उन्हाळ्यात आराम. श्रावणात मांडू दुकान. बायका श्रावणात लई येत्यात. पुढच्या खोलीला रंग काढतो मी स्वतः."

"ऑपरेशन करू," जयमाला म्हणाली. "तव्यावर हात भाजतो ते कळंल तरी. पण दुकान न्हाई मांडायचं."

"आता कशाची भीती? पैसे हातात पडले की कोण बघतंय."

"त्याची न्हाई भीती."

अरविंद थांबला. रस्त्याच्या मधोमध थांबला, मागच्या गाडीने हॉर्न दिला तेव्हा तिने त्याला दंडाला धरून कडेला ओढलं, उजव्या हाताने. तो तिच्या तोंडाकडे बघत होता.

"म्हणजे खरंच कायमचं? मला वाटलं, तू पैशासाठी म्हणलीस."

"मी बी तसंच ठरवून आत गेले होते."